चाळीस नंबरला कुठे दाटतं

शर्टांच्या कारखान्यात एक माणूस असा असतो, जो कापत नाही, शिवत नाही, इस्त्री करत नाही, आणि तरी त्याच्यावाचून कारखान्याचं पान हलत नाही. तो नुसता उभा राहतो. नवा नमुना तयार झाला की पहिला शर्ट त्याच्या अंगावर चढतो. त्याने हात वर करायचे, पुढे वाकायचं, खुर्चीवर बसून उठायचं, आणि मग कुठे दाटतंय, कुठे ओढतंय, कुठे उगाच हवा खेळतेय ते सांगायचं. त्याने सांगितलं की कटिंग मास्तर खडूने खूण करतात, टाचण्या लावतात, कागदी नमुन्यात फेरफार करतात आणि मगच कापडाच्या थप्पीवर कातर चालते.

ही नोकरी ज्या गृहस्थांनी सव्वीस वर्षं केली त्यांचं खरं नाव हजेरीच्या वहीत होतं आणि ते तिथेच सुखरूप राहिलं. सगळे त्यांना चाळीसराव म्हणत. छाती चाळीस, कंबर चौतीस, बाही साडेचोवीस. ही मापं सव्वीस वर्षांत सूतभरही हलली नाहीत. लग्नानंतर माणसं सुटतात, पन्नाशीनंतर आक्रसतात. चाळीसराव मैलाच्या दगडासारखे जिथल्या तिथे. त्यांना तोंडावर दगड म्हटलं तरी राग येत नसे. राग हे खातंच त्यांच्याकडे नव्हतं.

कारखान्यातले बाकीचे नंबर त्यांच्यावरूनच निघत. चाळीसचा नमुना पक्का झाला की त्यात थोडं कमी करून अडतीस, थोडं वाढवून बेचाळीस, असं करत छत्तीसपासून अठ्ठेचाळीसपर्यंत. म्हणजे शहरातले निम्मे पुरुष अंगाने त्यांचे धाकटे-थोरले भाऊच म्हणायचे. मास्तर तर म्हणत, याची कातडी म्हणजे बोलणारी टेप आहे. एकदा त्यांनी डोळे मिटून सांगितलं की डाव्या कफाचं बटण उजव्यापेक्षा मिठाच्या खड्याएवढं खाली बसलंय. मास्तरांनी मोजलं. बसलं होतं.

आणि हाच माणूस घरी गेला की आपल्याला भूक लागली आहे की नाही हे त्याला कळत नसे.

हे काम वहिनींकडे होतं. वहिनी म्हणजे चाळीसरावांच्या पत्नी. सगळ्या कारखान्याच्या त्या वहिनी. संध्याकाळी चाळीसराव दारात आले की वहिनी त्यांच्याकडे एकदा पाहत आणि निकाल सांगत: आज तुम्ही दमलाय, आधी चहा घ्या. किंवा: तुम्हाला भूक नाहीये, तहान आहे. किंवा: तुम्हाला थंडी वाजतेय, स्वेटर घाला. चाळीसराव स्वेटर घालत आणि त्यांना खरोखरच बरं वाटे. डॉक्टर विचारत यांना आणि उत्तर देत वहिनी, की यांना उजव्या बाजूला दुखतं, जेवणानंतर, आणि दुखणं पाठीकडे सरकतं. चाळीसराव लक्ष देऊन ऐकत आणि मान डोलावत, कारण ऐकल्यावर त्यांनाही ते पटे. सिनेमात वहिनी हसल्या की ते हसत, अर्धा सेकंद उशिरा. शेजारणी आपापल्या नवऱ्यांना चाळीसरावांचं उदाहरण देत. नवरे दात-ओठ खात.

अशा संसाराला दृष्ट लागली ती एका रविवारी, सर्दीच्या निमित्ताने. वहिनींना ताप होता, नाक चोंदलेलं, तोंडाची चव गेलेली. त्या भिंतीकडे तोंड करून पडल्या होत्या. दुपारी अडीचच्या सुमाराला चाळीसराव पलंगापाशी आले, थोडा वेळ उभे राहिले आणि हळूच म्हणाले, "अगं, मला भूक लागली असेल का?"

वहिनी वळल्या. बराच वेळ त्या नवऱ्याकडे बघत राहिल्या. चाळीसरावांना वाटलं, अंदाज घेतायत.

तीन दिवसांनी ताप उतरला आणि वहिनींनी बॅग भरली. भांडण झालंच नाही, कारण भांडणाला दोन माणसं लागतात. त्यांनी शांतपणे सांगितलं की सव्वीस वर्षं दोघांची भूक, दोघांची झोप आणि दोघांची थंडी त्यांनी एकटीने सांभाळली, आणि आता त्यातली आपली कुठली हे त्यांचं त्यांनाच कळेनासं झालंय. पुलापलीकडे बहीण राहते, तिच्याकडे जातेय. दारात चपला घालताना त्या म्हणाल्या, "तुम्हाला तुमचं स्वतःचं काही वाटलं, की या सांगायला. काहीही चालेल. नसेल वाटलं, तर येऊ नका."

चाळीसरावांनी मान डोलावली आणि बॅग जिन्यावरून खाली नेऊन दिली.

पुढच्या दिवसांबद्दल सांगण्यासारखं फार नाही. घर होतं तसंच होतं. कारखान्यात साडेबाराला भोंगा वाजे, म्हणून दुपारचं जेवण व्हायचं. रात्रीचं कधी व्हायचं, कधी राहून जायचं. एका रात्री तर दोनदा झालं. कपाटातले स्वेटर ऋतूप्रमाणे बाहेर येत नव्हते. शेजारच्या काकांनी खोदून विचारलं, करमतं का. चाळीसराव म्हणाले, ठीक आहे. वाईट वाटतंय का. ठीक आहे. हे ते तोंडदेखलं म्हणत नव्हते. आत बोट घालून बघावं तर हाताला काही लागत नव्हतं, चोराला रिकाम्या खिशात लागत नाही तसं.

दुसऱ्या महिन्यात ते एकदा पुलापलीकडे जाऊन आले. वहिनींनी दार उघडलं आणि विचारलं, काय वाटलं? चाळीसरावांनी प्रामाणिकपणे थोडा वेळ शोधलं आणि म्हणाले, विशेष काही नाही, सगळं ठीक आहे. वहिनींनी दार लावलं. जोरात नाही. झोपलेल्या बाळाच्या खोलीचं लावावं तसं.

आता गंमत बघा. घरातला कारभार बंद पडला तो पडला, पण हळूहळू कातडीसुद्धा गप्प झाली. ट्रायलच्या खोलीत मास्तर विचारत, मुंढ्यात कसं वाटतं? मुंढा म्हणजे बाही जिथे खांद्याला जोडतात ती गोलाई. शर्टाचा सगळा जीव तिथे असतो. चाळीसराव म्हणत, ठीक आहे. कॉलर? ठीक. पाठ? ठीक. सव्वीस वर्षांच्या विश्वासावर मास्तरांनी पुढे काही विचारलं नाही. चाळीसला ठीक म्हणजे सगळ्यांना ठीक. नमुना पक्का झाला, सगळे नंबर निघाले, आणि वाहतूक पोलिसांचे तीनशे शर्ट वेळेच्या दोन दिवस आधी शिवून गेले.

मुंढा दीड इंच खाली उतरला होता. पोलिसांना हात खांद्याच्या वर नेता येईना. एरवी एखाद्या माणसाचं हात वर न गेल्याने अडत नाही, पण चौकातल्या पोलिसाचं सगळं आयुष्यच वर केलेल्या हातात असतं. त्यांनी "थांबा" म्हणून हात उचलावा तर तो छातीशीच अडे, आणि गाडीवाल्यांना वाटे साहेब "या, या" म्हणतायत. एका हवालदारांनी हात वर न्यायचाच असा निश्चय केला, तेव्हा शर्ट पँटमधून सुटून पोटावर आला आणि शिवण काखेपासून कंबरेपर्यंत उसवली. रहदारी मात्र थांबली, बघायला. तीनशेच्या तीनशे शर्ट परत आले.

मास्तरांनी चाळीसरावांना पुन्हा तो शर्ट चढवला. हात वर करा म्हटल्यावर चाळीसरावांनी केले. कापड करकरलं. मास्तरांनी विचारलं, आता? चाळीसराव म्हणाले, ठीक आहे. मग शर्ट उतरवताना मास्तरांना दिसलं की सकाळच्या ट्रायलमधली एक टाचणी त्यांच्या बरगडीपाशी अर्धी आत गेलेली आहे आणि बनियनवर रुपयाएवढा लाल डाग सुकलाय. टाचणी सकाळपासून तिथे होती. मास्तर खाली बसले.

कारखान्याच्या मालकीणबाईंनी आरडाओरडा केला नाही. त्यांनी एक पुतळा मागवला. पांढऱ्या फायबरचं धड, खाली लोखंडी दांडा, आणि मापं हुबेहूब: चाळीस, चौतीस, साडेचोवीस. हयातीत पुतळा उभारला गेलेला त्या कारखान्यातला हा पहिलाच माणूस, पण हार घालायला कुणी आलं नाही. दोघं ट्रायलच्या खोलीत शेजारी-शेजारी उभे राहू लागले. मास्तर म्हणाले, "या दोघांत आता एवढाच फरक राहिलाय की एकाला दर महिन्याला केस कापावे लागतात."

हे मास्तर चेष्टेने म्हणाले खरे, पण त्याच संध्याकाळी त्यांनी चाळीसरावांना एक पत्ता दिला. त्यांच्या सूनबाई मध्यंतरी एका समुपदेशक बाईंकडे जात होत्या. चांगला गुण आला होता. आता सूनबाई सासऱ्यांना तोंडावर उत्तरं देत, म्हणजे औषध लागू पडतं यात शंका नव्हती.

चष्म्याच्या दुकानावर, दुसऱ्या मजल्यावर, एक लहानशी पाटी होती: गेस्टाल्ट पद्धतीचे समुपदेशन. गेस्टाल्ट म्हणजे जर्मन भाषेत अख्खी आकृती. त्या पाटीखाली दुसरी, मोठी पाटी: पायऱ्या जपून चढा. आत एक खोली, तीन सारख्या खुर्च्या, खिडकीत एक झाड. बाई साठीच्या, दोन चष्मे घालणाऱ्या; एक डोळ्यांवर, एक केसांवर. चाळीसराव बसले आणि आता आपल्याला तपासतील म्हणून त्यांनी शर्टाचं वरचं बटण काढलं. बाईंनी ते काढू दिलं आणि विचारलं, आत्ता काय जाणवतंय?

"ठीक आहे."

"हे तुम्ही कुठून बघून सांगितलंत?"

चाळीसरावांना प्रश्न कळला नाही. त्यांनी आपली अडचण मांडली: आत काहीतरी बंद पडलंय, ते उघडून बघता आलं तर बरं. बाई म्हणाल्या की आत असं काही असतं यावर त्यांचा विश्वासच नाही. लोकांना वाटतं, आंब्यात कोय असते तशी माणसात "मी" नावाची एक घट्ट गाठ असते, ती सापडली की झालं. लोक ती वर्षानुवर्षं शोधतात. त्यांच्या पद्धतीत अशी कोय मानत नाहीत. मग त्यांनी चाळीसरावांना त्यांच्या कामाबद्दल विचारलं आणि कुणी भाविकाने कथा ऐकावी तसं अर्धा तास ऐकून घेतलं, पुतळ्यापर्यंत.

"शर्ट दाटतो तेव्हा," बाईंनी विचारलं, "ते दाटणं कुठे असतं? कापडात?"

"नाही. कापडाला काय कळतं."

"मग अंगात?"

चाळीसराव विचारात पडले. सव्वीस वर्षांत हे त्यांना कुणी विचारलं नव्हतं. नुसतं अंग असताना दाटत नाही. नुसतं कापड टांगलेलं असताना दाटत नाही. "मध्ये," ते शेवटी म्हणाले. "दोन्ही टेकतात तिथे."

"तिथेच," बाई म्हणाल्या. "तुम्ही तिथेच असता. माणूस जगाला जिथे टेकतो तिथे 'मी' घडतो. तेवढ्यापुरता घडतो, मग मागे सरतो, मग पुन्हा घडतो. पुतळ्याची सगळी मापं तुमची आहेत ना? मग तो तुम्ही का नाही?"

"तो सांगत नाही."

"आणि तुम्ही?"

हे चाळीसरावांच्या डोक्यात शिरलं, कारण धंद्याच्या भाषेत होतं. घाबरलेही. टेकणं बंद झालं असेल तर मग आत्ता इथे खुर्चीत कोण बसलंय? त्यांनी तसं विचारलं. बाईंनी खालचा चष्मा नीट केला आणि म्हणाल्या, तुम्हीच, पण सध्या जरा कमी प्रमाणात.

मग दर मंगळवारी ते जाऊ लागले. बाईंनी वहिनींबद्दल विचारलं, तेव्हा हेही निघालं की त्या घरात टेकायला दोन बाजूच नव्हत्या. वहिनी कुठे संपतात आणि चाळीसराव कुठे सुरू होतात, तिथली शिवण कुणी मारलीच नव्हती. एकच कापड, दोन माणसांच्या अंगावर. बाई याला दोष म्हणाल्या नाहीत. नव्या प्रेमात सगळ्यांचं असंच असतं, म्हणाल्या. फक्त बहुतेकांचं महिन्या-दोन महिन्यांत उसवतं.

एका आठवड्याला त्यांनी घरचा अभ्यास दिला. रस्त्याने चालत जायचं आणि कुठली गोष्ट नजरेत पुढे येते ते बघायचं. भुकेल्याला गल्लीतली बेकरी पुढे येते आणि बाकीचा बाजार मागे जातो. चप्पल तुटलेल्याला चांभार दिसतो. आत काही हवंसं झालं की बाहेर काहीतरी उठून दिसतं, एवढाच त्यातला मुद्दा. चाळीसराव इमाने-इतबारे पाऊण तास चालले आणि येऊन म्हणाले, सगळं सारखंच दिसलं, शाळेच्या फोटोसारखं, सगळे एकाच उंचीचे. बाईंनी वहीत काही लिहिलं नाही. पुढच्या वेळी पुन्हा चाला, म्हणाल्या.

पाचव्या की सहाव्या मंगळवारी बाईंनी तिसरी खुर्ची समोर ओढली आणि सांगितलं, यात वहिनी बसल्यायत असं समजा, आणि बोला. चाळीसरावांनी रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं. मग उठून ती थोडी फिरवली, कारण वहिनींना खिडकीकडे पाठ करून बसायला आवडत नाही. पुन्हा येऊन बसले. दहा मिनिटं गेली. खालच्या दुकानात कुणीतरी चष्म्याची फ्रेम नाकावर चावते म्हणून तक्रार करत होतं.

"त्या खुर्चीत जाऊन बसता?" बाई म्हणाल्या. "तिकडून बोलून बघा."

चाळीसराव वहिनींच्या खुर्चीत जाऊन बसले आणि चमत्कार झाला. ज्या माणसाला दोन वाक्यं जोडता येत नव्हती तो धबधब्यासारखा बोलू लागला. पाय एकावर एक, मान किंचित तिरकी, हुबेहूब वहिनी. अहो, तुम्हाला झोप आलीय. अहो, तुम्हाला ती भाजी आवडत नाही, उगाच वाढून घेऊ नका. तुम्हाला बसच्या वाऱ्याने डोकं धरतं, खिडकी लावा. तुम्हाला धाकट्या भावाचं ते बोलणं लागलंय, पण तुम्ही मनावर घेऊ नका. बाईंना हसू आवरेना, त्यांनी ते आवरलंही नाही. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात तो हा. या माणसाला काय-काय वाटतं याची सगळी यादी त्याला पाठ होती, फक्त दुसऱ्याच्या आवाजात.

वहिनींच्या आवाजात ते बोलतच होते. "आणि डॉक्टरांनी सांगितलं त्या दिवशी तुम्ही रिक्षात गप्प होतात. तेव्हाही मीच म्हटलं ना, मूल नसलं तरी आपल्याला चालेल, आपल्याला काही वाईट वाटत नाही. तुम्ही मान डोलावलीत."

धबधबा थांबला. बाईंचं हसूही.

थोड्या वेळाने बाईंनी त्यांना हळूच त्यांच्या स्वतःच्या खुर्चीत बोलावलं. चाळीसराव येऊन बसले. बाई त्यांच्या हातांकडे बघत राहिल्या. उजव्या हाताने डावं मनगट इतकं घट्ट धरलं होतं की नखं रुतली होती. हे चाळीसरावांना अर्थातच ठाऊक नव्हतं.

"तो हात काय करतोय?"

"धरून बसलाय."

"कुणाला धरायला निघाला होता, तो स्वतःलाच धरून बसलाय?"

बाईंनी विचारलं, सोडला तर काय होईल? चाळीसरावांनी हात सोडला. मनगटावर चार चंद्रकोरी उमटल्या होत्या. समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे बघून ते म्हणाले, "मला चाललं नव्हतं."

कॉलर अर्धं सूत घट्ट आहे, हे सांगावं त्या सुरात. रडू आलं नाही. छातीवरून दगड वगैरे उतरला नाही. घड्याळात चार वाजून दहा मिनिटं झाली होती. बाईंनी पाणी दिलं, ते नको म्हणाले, मग प्यायले.

खरी पंचाईत त्यानंतर सुरू झाली. वहिनी म्हणाल्या होत्या, तुमचं स्वतःचं काहीही वाटलं की या. चार महिन्यांत सापडलं ते हे एवढंच. भूक सापडली असती, थंडी सापडली असती, तर ती घेऊन नाचत जाता आलं असतं. हे घेऊन जायचं म्हणजे जिने सव्वीस वर्षं पांघरूण घातलं तिच्याच अंगावरून ते ओढून काढायचं. कदाचित ती दार कायमचं लावेल. न जावं तर दार लागलेलंच आहे. चाळीसरावांनी बाईंना विचारलं, सांगू का तिला?

"मला कसं कळणार?" बाई म्हणाल्या.

"तुम्ही एवढं शिकलाय."

"तरीही."

चाळीसरावांना त्यांचा राग आला. बारीकसाच, पण आला. एवढे पैसे घेता आणि साधं हो-नाही सांगत नाही. त्यांनी तो बोलूनही दाखवला. बाईंना एवढा आनंद झाला की त्यांचा वरचा चष्मा खाली घसरला. चाळीसराव जिना उतरताना गोंधळून गेले होते. आजवर त्यांच्यावर चिडलेली माणसं त्यांनी पाहिली होती. त्यांच्या चिडण्यावर खूश झालेलं माणूस पहिल्यांदाच पाहिलं.

त्या आठवड्यात पोलिसांच्या शर्टाचा नवा नमुना आला. मास्तरांनी चढवला, हात वर करायला लावले आणि सवयीने खडू खिशात ठेवायला लागले. चाळीसराव म्हणाले, डाव्या मुंढ्यात दाटतंय. मास्तर थबकले. उजव्या? उजवीकडचं अजून कळत नाही, उद्या विचारा. मास्तरांनी डाव्या मुंढ्यावर खूण केली आणि उजवा त्यावरून काढला. मालकीणबाईंना त्यांनी एवढंच कळवलं की माल अर्धा सुधारलाय.

रविवारी सकाळी अकराला चाळीसराव पुलापलीकडे गेले. दार मेहुणीने उघडलं. मेहुणी म्हणजे दुधारी सुरी, ती म्हणाली, "या. काय घेणार ते मी विचारणार नाही हं, आमच्याकडे मनाई आहे." मग त्यांच्याकडे पाहून पुढचा टोमणा तिने गिळला आणि आतल्या खोलीकडे बोट केलं.

वहिनी धुतलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होत्या. पलंगावर ढीग होता, शेजारच्या खुर्चीवरही होता. त्यांनी वर पाहिलं नाही. "काय वाटलं?" एवढंच विचारलं.

चाळीसराव उभेच राहिले. उभं राहणं हे त्यांचं कामच. "डॉक्टरकडून आलो त्या दिवशी तू म्हणालीस, मूल नसलं तरी आपल्याला चालेल," ते म्हणाले. "मला चाललं नव्हतं."

वहिनींच्या हातात उशीची खोळ होती. ती अर्धी दुमडलेली तशीच राहिली. दारात मेहुणी होती. ती गेली आणि स्वयंपाकघरात नळ सोडल्याचा आवाज आला.

"कधी कळलं?" वहिनींनी विचारलं.

"मंगळवारी."

वहिनींनी खोळ पुन्हा उलगडली, पुन्हा पहिल्यापासून दुमडली. मग भिंतीकडे बघत म्हणाल्या, "मलाही नव्हतं चाललं. रिक्षात तुमचं तोंड बघितलं, वाटलं तुम्ही कोसळाल. म्हणून म्हटलं तसं."

चाळीसराव म्हणाले, आपलं तोंड कसं होतं ते त्यांना आठवत नाही. वहिनी म्हणाल्या, मला आठवतं. तेव्हा एक शब्द बोलला असतात, तर निदान मला एकटीला बाथरूमचा नळ सोडून... वाक्य तिथेच तुटलं. चाळीसराव त्यांच्याकडे बघत होते. भांगात पांढरे केस बरेच झाले होते. ते चार महिन्यांत झाले की आधीपासून होते, हे त्यांना सांगता आलं नसतं. बाथरूमचंही त्यांना माहीत नव्हतं. ही बाई आत्ता चिडली आहे की दुःखात आहे की दोन्ही, याचा त्यांना अंदाज येईना. वहिनींचं काय चाललंय हे न कळण्याची त्यांची ही पहिलीच वेळ, कारण आजवर ते बघण्याचा प्रश्नच आला नव्हता.

"आता जा तुम्ही," वहिनी म्हणाल्या. "मला काही बोलायचं नाहीये."

वहिनींनी सांगितलं म्हणजे चाळीसरावांचे पाय निघतच. तसे ते निघालेही, दारापर्यंत. तिथे ते थांबले आणि काही वेळ चौकटीला हात लावून उभे राहिले.

"मला थांबायचंय," ते म्हणाले. "तू बोलू नकोस. पण मला थांबायचंय."

वहिनींनी आता पहिल्यांदा सरळ पाहिलं, हे कुणी पढवून पाठवलंय का ते तपासावं तसं. घरी चला, येते, किंवा येणार नाही, असं त्या काहीच म्हणाल्या नाहीत. खुर्चीवरचे कपडे उचलून त्यांनी पलंगावर टाकले.

"बसा मग."

चाळीसराव बसले. वहिनी त्यांच्याकडे पाठ करून घड्या घालत राहिल्या. आतला नळ बंद झाला. चादरी, टॉवेल, मेहुणीच्या मुलांचे मोजे, सगळा ढीग संपायला पाऊण तास लागला. मधेच चाळीसरावांच्या डाव्या पायाला मुंग्या आल्या. कुणालाही न विचारता त्यांनी पाय लांब केला, आणि बसून राहिले.